चांद सुलताना : सासरीं माहेरची, माहेरीं परक्यांची

(शेतकरी व कारागीर बंधुभगिनींपुढें केलेलें भाषण)



नगरहून पाथर्डीच्या वाटेला लागलें म्हणजे शहा डोंगराच्या माथ्यावर एक अठकोनी, तीन मजली दगडी इमारत दिसते. आपण सारे तिला चांदबिबीचा महाल म्हणतों. आम्हांसही लहानपणीं तेंच सांगण्यांत आलें आणि आम्हींही तें निमूटपणें खरें धरलें. पण ती इमारत चांदबिबीची नव्हे. मुर्तझा निजामशहाचा वजीर सलाबतखान याची ती कबर आहे. आंत निजला आहे वजीर आणि बाहेर नांव चालतें बाईचें! ज्या तटावर ती खरोखर तलवार घेऊन उभी राहिली तो तट भिंगारजवळच्या भुईकोट किल्ल्याचा. १९४२ सालीं जवाहरलाल नेहरू आदि पुढारी ज्यांत कोंडून ठेवले होते तोच हा किल्ला. डोंगराकडे बोट दाखवून तिचें नांव घेणारे पुष्कळ, किल्ल्याकडे बोट दाखवून घेणारे थोडे. शहराचें नांव २०२४ सालीं अहिल्यानगर झालें आहे. जुनी गोष्ट सांगतांना आम्ही नगर असेंच म्हणूं.

कोणी म्हणेल कीं राजाराण्यांच्या गोष्टी नांगरधाऱ्यांना आणि हातोडा चालविणारांना कशाला? आम्हीही एके काळीं असेंच म्हणत होतों. पण या बाईच्या आयुष्यांत जें घडलें तें आपल्या घरांतील लेकीसुनांच्या वांट्याला रोज येतें. फरक इतकाच कीं तेथें वाडा मोठा होता व भांडणारांच्या हातांत तलवारी होत्या.

निजामशाही म्हणजे कोणी सातासमुद्रापलीकडून आलेलें घराणें असें समजूं नका. त्या काळचा इतिहासकार फेरिश्ता लिहितो कीं या घराण्याचा मूळ पुरुष हा लढाईंत धरून आणलेला ब्राह्मणाचा मुलगा, आणि त्याच्या वाडवडिलांचें कुळकर्ण पाथरीचें. त्याच्या मुलानें, म्हणजे मलिक अहमदानें, १४९० सालीं बहामनी फौज मोडली आणि १४९४ सालीं हें शहर वसविलें. त्याचा नातू हुसेन निजामशहा १५५३ सालीं गादीवर आला. किल्ल्याची मातीची तटबंदी काढून दगडाची केली ती यानेंच. याची राणी खुंझा हुमायून. आणि चांदबिबी ही त्या दोघांची मुलगी.

त्या वेळीं नगरचे व विजापूरचे वैर पिढीजात होतें. सोलापूरच्या किल्ल्यावरून दोन्ही घराण्यांनीं किती माणसें मारलीं याला गणती नाहीं. विजापूरचा अली आदिलशहा हा विजयनगरच्या रामराजाला बरोबर घेऊन नगरावर चालून आला होता आणि त्या फौजांनीं आपल्या मुलखाची धूळधाण केली होती. पुढें वारें फिरलें. रामराजाचें बळ फार वाढलें असें पाहून कालचे वैरी आज व्याही व्हायला निघाले. हुसेननें आपली चांद अली आदिलशहाला द्यावी, अलीनें आपली बहीण हुसेनच्या मुलाला, म्हणजे मुर्तझाला, द्यावी. आणि चांदबरोबर सोलापूरचा किल्ला आंदण जावा, असें ठरलें. मंडळी, याला आपण आपल्या भाषेंत काय म्हणतों? साटेंलोटें! एका घरची लेक गेली, दुसऱ्या घरची आली, आणि मधल्या वादाच्या तुकड्याचा निकाल लागला. साटेंलोट्याच्या लग्नांत काय होतें तें येथें बसलेल्या बायांना विचारा. त्या घरीं आपल्या लेकीला बोल लागला कीं या घरीं त्यांच्या लेकीला बोल लागतो. दोन्ही मुली एकमेकींच्या जामीन. चांद त्या वेळीं चौदा वर्षांच्या आसपास असेल. १५६५ च्या जानेवारींत तालिकोटची लढाई झाली, रामराजा पडला, आणि ज्या कामासाठीं सोयरीक झाली होती तें काम झालें. काम झाल्यावर उरली ती मुलगी.

येथें तिच्या आईची हकीकत थोडक्यांत सांगितली पाहिजे. लढाईनंतर थोड्याच महिन्यांत हुसेन वारला. मुर्तझा लहान, म्हणून कारभार खुंझा हुमायूनच्या हातीं आला. कांहीं वर्षें तिनें राज्य चालविलें, फौजेबरोबर मोहिमेवरही गेली. तिनें आपल्या भावांना जहागिरी दिल्या, हा तिच्यावर मोठा आरोप. आरोप खोटा होता असें आम्ही म्हणत नाहीं. पण आपल्या सग्यासोयऱ्यांना जहागिरी न देणारा एक तरी शहा दाखवा! पुरुषानें केलें तें राज्य, बाईनें केलें तें माहेर भरणें, असा हा न्याय आहे. अखेर पोटच्या मुलानेंच तिला धरविलें व कैदेंत टाकलें.

पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळांत 'तारीफ-ए-हुसेनशाही' नांवाचें एक हस्तलिखित आहे. आफताबी नांवाच्या कवीनें हुसेनशहाची स्तुति त्यांत गायिली आहे, आणि त्यांत रंगीत चित्रें आहेत. चित्रांत शहाच्या शेजारीं राणी बसलेली होती. 'होती' म्हणण्याचें कारण असें कीं बहुतेक चित्रांतून तिला पुसून टाकलें आहे. शहा आहे, सेवक आहेत, आसन आहे. आणि जेथें बाई होती तेथें रंगाचा डाग. एका चित्रांत, झाडाखालीं उभी असलेली, ती तेवढी वांचली. तिचा पाडाव झाल्यावर कोणीं तरी हें केलें असें जाणते लोक मानतात. तलवारीनें मारलेलें माणूस निदान मेलें असें तरी दिसतें. चित्रांतून पुसलेलें माणूस कधीं नव्हतेंच असें होतें.

चांद ही तोंवर विजापुरांत राणी होऊन बसली होती. नवऱ्याबरोबर ती घोड्यावर बसे, शिकारीला व स्वारीला जाई, अनेक भाषा तिला येत, असें सांगतात. त्यांत मराठी व कानडीही होती. अली आदिलशहानें विजापूरचा तट बांधविला, आणि तालिकोटनंतर शहर वाढलें तेव्हां पाण्याची सोय केली. तेथें एक मोठी पायऱ्यांची बावडी आहे, तिला तो राणीच्या नांवावरून चांद बावडी म्हणूं लागला. नगरांत तिच्या नांवाची कबर दुसऱ्याची, पण विजापुरांत तिच्या नांवाचें पाणी तिचेंच. आम्हांस विचाराल तर वाड्यापेक्षां विहिरीला नांव लागणें कधींही चांगलें.

१५८० सालीं अली आदिलशहाचा खून झाला. पोटीं संतान नव्हतें. नऊ वर्षांचा पुतण्या इब्राहीम गादीवर बसला आणि त्याला वाढविण्याचें काम या विधवेकडे आलें. आपल्याकडे भावजयीच्या पदरांत पुतण्या टाकावा आणि शेताचा कारभार मात्र चुलत भावकीनें करावा, तसाच हा प्रकार. पहिला कारभारी कामिलखान उर्मट झाला, तेव्हां तिनें त्याला किश्वरखानाच्या हातून दूर केलें. मग किश्वरखान त्याहून उर्मट झाला. त्यानें मुस्तफाखान नांवाच्या एका जुन्या मानकरी सरदाराला मारविलें. चांदबिबीनें जाब विचारला. यावर किश्वरखानानें काय केलें तें नीट ऐका. त्यानें तिच्यावर आळ घेतला कीं ही बाई आपल्या भावाला, नगरच्या मुर्तझा निजामशहाला, चिथावून विजापुरावर आणीत आहे. म्हणजे सोळा वर्षें त्या घरीं नांदून, त्या घरचें पोर मांडीवर घेऊनही, ती 'नगरची' ती नगरचीच! या आळाखालीं तिला जनानखान्यांतून ओढून साताऱ्याच्या किल्ल्यावर कैदेंत पाठविलें.

विजापूरच्या दरबारांत कोणी हूं कीं चूं केलें नाहीं. पण फेरिश्ता लिहितो कीं किश्वरखान रस्त्यानें निघाला म्हणजे लोक, आणि बायासुद्धां, त्याला शिव्याशाप देऊं लागले, राख नि घाण फेंकूं लागले. या बाया कोणाच्या होत्या? जनानखान्यांतल्या खास नव्हत्या; पडद्यांतल्या बाया रस्त्यावर उभ्या रहात नाहींत. चुलीची राख जिच्या हाताशीं असते तीच ती फेंकते. किश्वरखान घाबरला व पळाला, आणि परमुलखांत मारला गेला. इखलासखान हबशी व त्याच्या सोबत्यांनीं चांदबिबीला साताऱ्याहून सोडवून आणलें.

पुढें विजापुरांत दिलावरखानाचा अंमल बसला. तिच्या हातीं कारभार राहिला नाहीं. १५८४ च्या सुमारास इब्राहीमच्या बहिणीचें लग्न नगरच्या राजपुत्राशीं झालें, त्या वऱ्हाडाबरोबर ती माहेरीं आली. माहेरची दशा काय वर्णावी! भाऊ मुर्तझा भ्रमिष्ट, कोणाला भेटत नसे. १५८८ सालीं त्याच्याच मुलानें त्याला मारलें. वर्षाच्या आंत तो मुलगाही मारला गेला. मग एक आला, मग दुसरा आला. एप्रिल १५९५ मध्यें बुऱ्हाण निजामशहा वारला, त्याचा मुलगा इब्राहीम चार महिन्यांत लढाईंत पडला, आणि नगरांत एका गादीला चार वारस उभे राहिले. मियां मंजूनें एक मुलगा पुढें केला, इखलासखानानें दुसरा, अभंगखान हबशानें एक म्हातारा शहाजादा, आणि चांदबिबीनें इब्राहीमचें तान्हें मूल बहादूर. खरा वारस या तान्ह्याचाच होता.

मियां मंजूचें पारडें हलकें पडूं लागलें तसें त्यानें गुजराथेंत असलेल्या अकबराच्या मुलाला, शहाजादा मुराद याला, मदतीला बोलाविलें. मंडळी, भाऊबंदांच्या वांटणीच्या भांडणांत सावकाराला पंच नेमणारा शहाणा आपल्या प्रत्येक गांवांत एक तरी असतो. सावकार काय निवाडा करणार तें सगळ्यांना ठाऊक असतें, नेमणारालाही! मियां मंजूला नंतर पश्चात्ताप झाला. पण मोंगल वाटेला लागले होते. तो मदत आणण्याच्या निमित्तानें बाहेर पडला. मग किल्ला हातीं धरला तो या पंचेचाळिशींतल्या विधवेनें.

डिसेंबर १५९५ त मोंगल नगरापुढें आले. मुरादबरोबर खानखानान अब्दुल रहीम होता; ज्याचे हिंदी दोहे आजही मुलें पाठ करतात तोच हा रहीम. आरंभीं मुरादनें रयतेला अभय दिलें. पण शाहबाजखान नांवाच्या सरदाराच्या लोकांनीं वस्ती लुटली आणि रयत घरदार टाकून पळून गेली. अभय देणारा एक आणि लुटणारा दुसरा, हें राज्यकर्त्यांचें कामाचें वांटप फार जुनें आहे. इकडे अभंगखान हा तिचा कालचा प्रतिपक्षी. पण संकट पाहून तो रात्रीं मोंगलांच्या छावणींतून कापाकापी करीत किल्ल्यांत शिरला. चांदबिबीनें त्याला मागचें कांहीं विचारलें नाहीं.

तोफांनीं तट पडेना तेव्हां मोंगलांनीं जमिनीखालून वाट काढली. विहिरीला खडक लागला म्हणजे आपण भोंक पाडून दारू ठासतों व बत्ती देतों; सुरुंग म्हणजे काय हें तुम्हांस सांगायला नको. येथें भुयारें खंदकाच्या खालून तटाच्या पायापर्यंत खणलीं, आणि त्यांत दारू भरली. असे पांच सुरुंग तयार झाले. मोंगलांच्या छावणींत ख्वाजा महंमदखान शिराजी नांवाचा एक गृहस्थ होता. किल्ल्यांतील लोक उद्यां चिंधड्या होऊन उडणार हें त्याला पाहवेना. तो रात्रीं तटाजवळ आला व सुरुंग कोठें कोठें आहेत तें सांगून गेला. लगेच आंतून खणाखणी सुरू झाली. कुदळी, पहारी, टोपल्या. दोन सुरुंग सांपडले, त्यांतली दारू काढली. तिसरा सर्वांत मोठा. तो मोकळा करीत असतांनाच बाहेरून बत्ती मिळाली. सुमारें पन्नास गज तट आभाळांत उडाला, आणि खालीं खणणारे तेथेंच गेले. ही गोष्ट २० फेब्रुवारी १५९६ ची.

खिंडार पडलेलें पाहून कित्येक सरदार पळण्याच्या बेतांत होते. तेव्हां चांदबिबी चिलखत घालून, तोंडावर बुरखा घेऊन, उपसलेली तलवार हातीं धरून खिंडारांत येऊन उभी राहिली. सरदार लाजले व परत फिरले. मोंगल बाकीचे सुरुंग उडण्याची वाट पहात थांबले होते, आणि ते तर रिकामे झालेले! तेवढ्या वेळांत आंतल्यांनीं तोफा, बाण, बंदुका खिंडाराशीं आणल्या. मग दुपारपासून अंधार पडेपर्यंत हल्ल्यावर हल्ले झाले. खंदक प्रेतांनीं भरला, पण आंत कोणी शिरला नाहीं. दारूगोळा संपला तेव्हां तिनें तांब्याचीं, मग रुप्याचीं, मग सोन्याचीं नाणीं तोफांतून उडविलीं अशी एक कथा लोक सांगतात. ज्याला ती खरी मानायची असेल त्यानें मानावी. आम्हांस तिचा खरा पराक्रम पुढें रात्रीं दिसतो.

कारण तलवारीनें खिंडार राखतां येतें, बुजवितां येत नाहीं. सकाळीं मोंगल पुन्हां येणार होते. पन्नास गजांची भिंत, हातीं एक रात्र. गवंडीकाम करणारे येथें पुष्कळ बसले आहेत. त्यांनीं मनाशीं हिशेब करावा. दगड, माती, लांकडें, जें हाताला लागेल तें आणून रातोरात भिंत रचली. बाई तेथून हालली नाहीं. उजाडतां उजाडतां भिंत पुरुषभर उंचीच्या वर गेली होती. सकाळीं शत्रूनें ती पाहिली आणि त्याची उमेद गेली. त्या दिवसापासून लोक तिला चांदबिबी न म्हणतां चांद सुलताना म्हणूं लागले, असें फेरिश्ता लिहितो. त्यानें तिचें नवें नांव लिहिलें हें योग्य केलें. ज्यांनीं दगड उचलले त्यांचें एकही नांव त्याच्या बखरींत नाहीं. पण भिंत कांहीं आपोआप चढत नाहीं, एवढें आपल्याला कळतें.

पुढें दोन्हीकडे दाणागोटा संपत आला, विजापूरची कुमक जवळ आली, आणि मार्चांत तह झाला. वऱ्हाड मोंगलांना द्यावें, त्यांनीं नगर सोडावें. तिनें एक प्रांत दिला व राज्य राखलें. त्या वेळीं तिला कोणीं फितुर म्हटलें नाहीं.

संकट टळलें तशी भाऊबंदकी परत आली. नवा पेशवा महंमदखान उद्दाम झाला, तो गेला. अभंगखानाच्या हातीं कारभार आला, तोही तिच्यावर उलटला व किल्ल्याला वेढा देऊन बसला. १५९७ सालीं गोदाकांठीं सोनपेठजवळ दख्खनी फौजा मोंगलांकडून हरल्या. मुराद मेला, दुसरा शहाजादा दानियाल व खानखानान १६०० सालीं नगरावर आले. अभंगखान घाट अडवायला गेला, पण त्याला तो राखतां आला नाहीं. तो जुन्नरकडे निघून गेला. किल्ल्यांत राहिली पुन्हां तीच बाई, आणि तें मूल.

तिनें हमीदखान नांवाच्या खोजा सरदाराला बोलावून विचार घेतला. सरदारांचा भरंवसा नाहीं, बाहेरून कुमक येत नाहीं. तेव्हां किल्ला द्यावा, पण सर्वांचा जीव व अब्रू राखण्याचें वचन घ्यावें, आणि मुलाला घेऊन जुन्नरला जावें, असें तिचें मत पडलें. चार वर्षांपूर्वीं ज्या डोक्यानें तिनें वऱ्हाड देऊन नगर राखलें त्याच डोक्यानें ती आतां नगर देऊन माणसें राखूं पहात होती. हमीदखान तेथून निघाला तो रस्त्यांत ओरडत सुटला, कीं चांद सुलतानानें मोंगलांशीं संगनमत केलें, किल्ला विकला!

मंडळी, विजापुरांत ती नगरची ठरली होती, आतां नगरांत ती मोंगलांची ठरली. कोणाला विकला, कितीला विकला, पैसे कोठें आहेत, एवढें तरी कोणीं विचारावें! बैल विकला असें कोणी सांगितलें तर आपण गोठ्यांत डोकावून पाहतों. येथें कोणीं डोकावलें नाहीं. हमीदखानाच्या मागें दख्खनी शिपाई धांवले, तिच्या महालांत शिरले, आणि त्यांनीं तिला मारलें. ते मोंगल नव्हते, परके नव्हते. त्यांच्यांतले कित्येक १५९६ च्या त्या रात्रीं तिच्यासमोर दगड वहात असतील. ही गोष्ट आम्हांस फार दिवस सांगवत नव्हती. आपण 'आमची चांदबिबी' म्हणतों तेव्हां तिला मारणारेही आमचेच होते हें जिभेवर येत नाहीं. विजापूरच्या बायांनीं खोटा आळ घेणाराच्या तोंडावर राख फेंकली. नगरांत खोटा आळ घेणाराच्या मागें लोक धांवले.

थोड्याच दिवसांत मोंगलांचे सुरुंग पुन्हां उडाले. या खेपेस ते आंतून कोणीं शोधले नव्हते. ऑगस्ट १६०० त किल्ला पडला, आणि आंतल्या शिपायांपैकीं बहुतेकांना जीवदान मिळालें नाहीं. ज्या मुलाला घेऊन ती जुन्नरला जाणार होती तो बहादूर निजामशहा धरला गेला. जुन्नर नगरहून तीन मजलांवर. त्याला नेलें ग्वाल्हेरच्या किल्ल्यावर, कैदेंत.